सूचना तीन दिवस लावली होती

१२ जून

मामा,

नमस्कार. पाया पडते असं दरवेळी लिहिते, या वेळी लिहीत नाही. रागात आहे, आणि उगाच खोटं लिहायचं नाही.

फोनवर बोलायला गेले की मला रडू फुटतं, आणि तुम्ही 'बरं, बरं' करत फोन मामीकडे देऊन टाकता. मग मामी रडते. अशानं काय निष्पन्न होणार? म्हणून लिहायला बसले. शिवाय वकीलबाई म्हणाल्या, झालं ते सगळं एकदा ओळीनं कागदावर उतरवा, नाहीतर शिक्षणाधिकाऱ्यांसमोर त-त-प-प होईल. तेव्हा हे त्यांच्यासाठीही आहे आणि तुमच्यासाठीही. कुठे चुकलं तर सांगा. तुमच्याइतकं काटेकोर आपल्या घराण्यात दुसरं कोण आहे?

तुमच्या शाळेत कमी ऐकू येणाऱ्या मुलांचा वर्ग आहे. खुर्च्या बारा. माझ्या भिंगरीचं नाव प्रतीक्षा यादीत पहिलं. मे महिन्याच्या शेवटी एका मुलाचे आईवडील गाव सोडून गेले आणि एक खुर्ची रिकामी झाली. नियम असा, की जागा रिकामी झाली की फळ्यावर सूचना लावायची, तीन दिवस ठेवायची. यादीतल्या पहिल्या नंबरच्या पालकानं त्या तीन दिवसांत येऊन सही करायची. नाही आला तर चौथ्या दिवशी जागा दुसऱ्या नंबरला. घरी पत्र नाही, फोन नाही.

मी तुम्हाला आधीच म्हटलं होतं की मामा, लक्ष ठेवा, जागा निघाली की मला एक फोन टाका. तुम्ही म्हणालात, "जे दुसऱ्याला नाही ते तुला नाही. फळा सगळ्यांचा आहे, येऊन बघत जा." ठीक. मी येऊन बघत गेले. दर बुधवारी दुकानातून अर्ध्या दिवसाची सुट्टी, दोन तास बस, तुमचा फळा, परत दोन तास बस. पाच जूनच्या बुधवारीही आले. दुपारी अडीच वाजता मी फळ्यासमोर उभी होते. मी चष्म्याच्या दुकानात काम करते, मामा, काचेवरचा केसाएवढा ओरखडा मला दिसतो. त्या फळ्यावर जागेची सूचना नव्हती. परीक्षांचं वेळापत्रक होतं, बसच्या वेळा होत्या, सुट्ट्यांची यादी होती, हरवलेल्या डब्यांची यादी होती.

मग तुमच्याकडे चहा प्यायला आले. ऑफिसात यादीचा विषय काढायचा नाही अशी तुमची ताकीद, म्हणून काढला नाही.

गुरुवारी जागा दुसऱ्या नंबरला गेली. सूचना सोमवारपासून लावली होती म्हणे.

भिंगरी ऑगस्टअखेर सहा पूर्ण करेल. सहानंतर त्या वर्गात घेत नाहीत, हे मी तुम्हाला सांगायला नको. कानाच्या डॉक्टर म्हणाल्या, बोलणं बसायचं तर याच वर्षी बसेल, हे वर्ष हातचं घालवू नका. पोरगी आत्ता साठ-सत्तर शब्द बोलते. त्यातला एक तुमच्या नावाचा आहे. मामाआजोबा म्हणता येत नाही, 'आबो' म्हणते.

शिक्षणाधिकाऱ्यांकडे तक्रार दिली आहे. तुम्ही मला एवढंच सांगा. सूचना फळ्यावर होती का?

तुमची
खारूताई


२१ जून

चि. खारूताईस,

रागावलीस तरी मामाचे आशीर्वाद घ्यावेच लागतील, त्यात प्रतीक्षा यादी नाही.

तुझं पत्र तीनदा वाचलं. मुद्दे छान ओळीनं मांडले आहेस, माझ्या हाताखालच्या दोघांना दाखवावंसं वाटलं. दाखवलं नाही, घाबरू नकोस.

तू विचारलंस म्हणून सांगतो. सूचना मी स्वतः टाइप केली. सोमवारी सकाळी दहा वाजता स्वतःच्या हातानं फळ्यावर लावली, काचेचं दार बंद केलं, कुलूप घातलं. बुधवारी संध्याकाळी पाच वाजता स्वतःच्या हातानं काढली. फळ्याची किल्ली माझ्याकडेच असते. शिक्षणाधिकाऱ्यांनी शाळेला विचारलं, मोठ्या बाईंनी मला विचारलं, मी तेच लिहून दिलं.

फोन का केला नाही म्हणशील, तर माझ्या आधीचे हेडक्लार्क आठवतात. त्यांच्या काळात फळ्यावर सूचना लागायची आणि त्याआधीच त्यांचे साडू, मेहुणे, मेहुण्यांचे शेजारी रांगेत हजर असायचे. लोक शाळेच्या पायरीवर उभं राहून शिव्या घालायचे. मी त्या खुर्चीवर बसलो त्या दिवशी ठरवलं, की आपल्या माणसाच्या कानात सांगणारा कारकून आपण व्हायचं नाही. बत्तीस वर्षं पाळलं. तुझ्यासाठी मोडलं असतं तर मी तुझा मामा राहिलो असतो, पण तो माणूस राहिलो नसतो.

आणि खरं सांगू? बुधवारी तू चहाला आलीस तेव्हा मला वाटलं, तू सूचना बघितलीस. गप्प गप्प होतीस, कपात बघत होतीस. मी मनात म्हटलं, पोरगी शहाणी आहे, आनंद पोटात ठेवते आहे, इथून उठून थेट सही करायला खिडकीशी जाईल. तू उठलीस आणि बस गाठायला पळालीस. मला वाटलं, उद्या सकाळी नवऱ्याला घेऊन येणार असेल. मुदत बुधवारी संध्याकाळी संपते हे तू विसरली असशील असं त्या क्षणी डोक्यातच आलं नाही.

कोर्टाच्या भानगडीत पडू नकोस. कोर्टाच्या पायऱ्या चढणाऱ्याचे गुडघे जातात. मुलीला सध्या तुमच्या गल्लीतल्या शाळेत घाल. मामी आठवण काढते. तिच्या पायाचं तसंच चाललं आहे.

तुझा
मामा


८ जुलै

मामा,

तक्रार फेटाळली. कागद हातात आला त्यात तुमची सही आहे. "सूचना सलग तीन दिवस फळ्यावर लावलेली होती." खाली तुमची ती गोल गोल सही. माझ्या शाळेच्या दाखल्यावर हीच सही आहे. मी लहान असताना त्या सहीची नक्कल करायचे, आठवतं?

हे म्हणाले, "तुझा मामा खोटं बोलणार नाही. तूच नीट बघितलं नसशील." नवऱ्यानं असं म्हणावं! छापखान्यात आठ तास मशीनच्या आवाजात काढून हे घरी येतात, त्यांना घरात शांतता हवी असते. मी दोन दिवस शांतता दिली त्यांना. अळीमिळी गुपचिळी. तिसऱ्या दिवशी म्हणाले, "बरं बाई, कर अपील."

तर अपील केलं आहे. वकीलबाई तिथली जागा मागणार नाहीत. ज्या मुलाला मिळाली त्याच्या आईनं काय गुन्हा केलाय? ती सोमवारी आली, तिनं सूचना बघितली, तिला दिसली. (हे मला कळत नाही. तिला सोमवारी दिसते आणि मला बुधवारी दिसत नाही. माझे डोळे फुटले होते का?) आम्ही फक्त तेरावी खुर्ची मागतो आहोत. कोर्टानं म्हटलं तर शाळा एक खुर्ची वाढवू शकते. आणि अपील आम्ही मुदतीत केलं, म्हणून वय जूनमधलंच धरतील, निकाल कधीही लागो.

पण वकीलबाई स्पष्ट बोलतात. म्हणाल्या, तुमचा एकटीचा शब्द शाळेच्या प्रतिज्ञापत्रासमोर टिकणार नाही. सूचना दिसत नव्हती असं सांगणारा दुसरा कुणीतरी हवा, किंवा एखादा कागद हवा. नाहीतर अपील करून फक्त समाधान. त्यांनी आणखी एक सांगितलं. तुम्ही शाळेचे साक्षीदार, तेव्हा निकाल लागेपर्यंत तुमच्याशी बोलायचं नाही, लिहायचं नाही. हे शेवटचं म्हणून लिहिते आहे.

भिंगरीला गल्लीतल्या शाळेत घातलं. वर्गात अठ्ठावन्न मुलं. पहिल्या दिवशी तिनं कानातलं मशीन काढून माझ्या हातात दिलं. त्या गोंगाटात कानात नुसती खरखर होते तिच्या. आता शाळेत मशीन दप्तरातच असतं. बाईंनी तिला मागे बसवलं आहे, कारण ती उंच आहे.

मामीच्या पायाला जपा. तिच्यावर माझा राग नाही.

खारूताई


२ ऑगस्ट

विषय: जून महिन्याच्या तीन, चार व पाच तारखांच्या सूचनेबाबत.

चि. खारूताई,

वकीलबाईंनी तुला लिहायला बंदी केली आहे, मला केलेली नाही. तेव्हा मी लिहितो.

आमचा फळा तू बघितला आहेस. दोन हात रुंद, काचेचं दार, आत हिरवं कापड. त्यावर चार कागद शेजारी शेजारी बसतात, पाचवा बसत नाही. त्यामुळे माझी एक पद्धत आहे. पाचवा कागद आला की तो सगळ्यात शेवटी लावलेल्या कागदावर, त्याच चार पिनांवर लावायचा. कापडाला नवी भोकं पडत नाहीत आणि कागदांची तारखेची उतरंड राहते. शाळेतल्या सगळ्यांना हे ठाऊक आहे. जुनं काही बघायचं असलं की शिक्षक माझ्याकडे किल्ली मागतात, दार उघडतात, वरचा कागद उचलून बघतात. बाहेरच्या माणसाला हे ठाऊक असायचं कारण नाही, आणि काचेला कुलूप असल्यावर त्याला कागद उचलताही येत नाही.

सोमवार, तीन जूनला सकाळी दहा वाजता मी जागेची सूचना लावली. मंगळवार, चार जूनला दुपारी एकच्या सुमारास परीक्षांचं वेळापत्रक आलं. ते मी त्या सूचनेवर लावलं. मी, माझ्या हातानं. त्या वेळी डोक्यात काही आलं नाही. हात आपोआप चालला.

बुधवार, पाच जूनला संध्याकाळी पाच वाजता सूचना काढायला गेलो. ती काढण्यासाठी आधी वेळापत्रक काढावं लागलं. तेव्हा माझ्या लक्षात आलं. तू अडीच वाजता काय बघितलं असशील ते लक्षात आलं. चहाच्या वेळी तू गप्प का होतीस ते लक्षात आलं. तू निराश होऊन बसली होतीस आणि मी मनातल्या मनात माझीच पाठ थोपटत होतो, की बघा, सख्ख्या भाचीलाही मी अवाक्षर बोललो नाही.

कार्यालय साडेपाचला बंद होतं. मोठ्या बाई त्यांच्या खोलीत होत्या. फळ्यापासून त्यांचं दार दहा पावलांवर. जाऊन म्हणायचं होतं, बाई, माझी चूक झाली, सूचना झाकली गेली, तीन दिवस नव्यानं मोजू. त्या रागावल्या असत्या, आणि मोजले असते. मी दहा पावलं गेलो नाही. वेळापत्रक परत लावलं, सूचना फाइलमध्ये ठेवली, कुलूप घातलं, घरी गेलो. मामीनं विचारलं, चेहरा का उतरलाय? म्हटलं, ऊन लागलं.

प्रतिज्ञापत्रात मी लिहिलं की सूचना तीन दिवस लावलेली होती. लावलेली होतीच. पण मंगळवारी दुपारी एकपासून बुधवारी संध्याकाळी पाचपर्यंत ती कुणालाही दिसू शकत नव्हती, हे मला माहीत होतं आणि मी ते लिहिलं नाही.

वरील सर्व मजकूर मी शुद्धीवर राहून, कुणाच्या दबावाशिवाय लिहिला आहे. मार्चमध्ये मी निवृत्त होणार आहे. त्याचा विचार तू करू नयेस.

हा कागद तुझा आहे.

सही
मुख्य लिपिक
(तुझा मामा)


११ ऑक्टोबर

मामा,

आता बंदी उठली. निकाल लागला. अपील फेटाळलं.

तुम्ही परवा कोर्टात होतात, तेव्हा तुम्हाला ठाऊकच आहे. पण तुम्ही निकाल सांगून होताच निघून गेलात, मी दाराशी येईपर्यंत दिसेनासे झालात. जिना उतरून बघितलं, रस्त्यावर बघितलं. म्हणून लिहिते. मला तुमच्या मनावरचं दडपण उतरवायचं आहे.

तुमचं ऑगस्टमधलं पत्र आलं तेव्हा मी दुकानात होते. काचा घासायच्या मशीनमागे बसून वाचलं. 'विषय' बघून आधी मला हसूच आलं. म्हटलं, आमच्या मामाला रडायचं असलं तरी आधी नमुना भरावा लागतो! मग पुढे वाचलं. मामा, मला काय वाटलं ते मला नीट सांगता यायचं नाही. राग आला होता, पण दहा मिनिटं. मग वाटलं, या माणसानं दोन महिने हे एकट्यानं पोटात ठेवलं. मामीलाही सांगितलं नाही. आणि शेवटी सांगितलं ते मला. माझ्यावर विश्वास टाकून, एवढ्या वर्षांची नोकरी माझ्या हातात ठेवून.

लहानपणी बाबा गेल्यावर तुम्हीच मला शाळेत सोडायचात. माझ्या अडचणी तुम्ही कधी चारचौघांत बोलला नाहीत. मग मी तुमची चूक भर कोर्टात वाचून दाखवू? निवृत्तीला सहा महिने राहिलेले असताना? मामीच्या पायाचं ते तसं चाललेलं असताना? नाही मामा. तेवढी कृतघ्न मी नाही.

मी कुणालाच सांगितलं नाही. वकीलबाईंना नाही, यांना नाही. उत्तरही पाठवलं नाही, कारण उत्तर कुणाच्या हाती पडलं तर तुम्ही अडकाल अशी धास्ती होती. पत्र पर्समध्ये घेऊन फिरत होते. सप्टेंबरच्या तारखेला तुम्ही मागच्या बाकावर दिसलात, कडक इस्त्रीचा शर्ट घालून. म्हटलं, बिचारे घाबरून आले आहेत, ही पोरगी आता काय करते ते बघायला.

परवा न्यायाधीशांनी विचारलं, आणखी काही कागद द्यायचा आहे का? वकीलबाई माझ्याकडे वळल्या. न्यायाधीश चांगले होते हो. दुसऱ्यांदा विचारलं. म्हणाले, "मुलीचा प्रश्न आहे, काही असेल तर आत्ता सांगा, मी थांबतो." पर्स माझ्या मांडीवर होती. मी मागे वळून तुमच्याकडे बघितलं, मान हलवली. म्हणजे घाबरू नका, मी काढत नाही. तुम्ही अर्धवट उठलात. मला वाटलं, तुम्हाला भरून आलं. मग मी न्यायाधीशांना म्हणाले, "नाही साहेब, काही नाही."

घरी आल्यावर पहिलं काम केलं. पत्र बारीक तुकडे करून फाडून टाकलं. तुमच्या जिवाला आता घोर नको.

हरलो तर हरलो. गल्लीतल्या शाळेत काय मुलं शिकत नाहीत? काढू काहीतरी मार्ग. तुम्ही मामीला घेऊन चार दिवस राहायला या. भिंगरी फोटोतल्या तुम्हाला बोट लावून दाखवते.

पाया पडते.

तुमची
खारूताई


१७ ऑक्टोबर

अगं पोरी, हे काय करून बसलीस!

तो कागद कोर्टासाठी होता. तुझ्यासाठी नव्हता. देवा रे. तुझ्यासाठी असता तर मी विषय घातला असता का? तारखा, वार, वाजलेले तास लिहिले असते का? एका बाजूला लिहिला, डावीकडे फाइलला भोक पाडायला दोन बोटं जागा सोडली, खाली हुद्दा घातला. 'दबावाशिवाय लिहिला आहे' असं कुठला मामा भाचीला लिहितो? तुझ्या जागी कुठलाही कारकून असता तर तो कागद उघडताक्षणी म्हणाला असता, हा पुरावा आहे. आणि मी विसरलो की तू कारकून नाहीस.

तुझं उत्तर आलं नाही तेव्हा मला वाटलं, बरोबर, कागद वकीलबाईंकडे गेला, आता त्यांनी तोंडाला कुलूप घालायला सांगितलं असणार. मी रोज साक्षीच्या बोलावण्याची वाट बघत होतो. सप्टेंबरच्या तारखेला त्यासाठीच आलो. तारीख पुढे ढकलली. निकालाच्या दिवशी पुन्हा आलो. न्यायाधीशांनी कागदाचं विचारलं, तू वळून माझ्याकडे मान हलवलीस, मला वाटलं तू म्हणतेस, मामा तयार राहा. मी उठलोच होतो. माझं नाव पुकारतील म्हणून घसा खाकरला. आणि तू म्हणालीस, काही नाही. मी खाली बसलो.

आता तू विचारशील, आणि विचारायलाच हवं, की तोंड होतं ना मामा तुम्हाला? दहा हातांवर न्यायाधीश बसले होते. 'साहेब, मला बोलायचं आहे' एवढं म्हणायचं होतं. मी गेले आठ दिवस हेच घोकतो आहे. ऑफिसात बसतो, समोर कागद असतो आणि अक्षर दिसत नाही.

खरं तेच लिहितो. बत्तीस वर्षं माझ्या वतीनं कागद बोलत आला. कुणाला नाही म्हणायचं तरी कागद, माफी मागायची तरी कागद. बोलायची सवयच गेली. ऑगस्टमध्ये तो कागद पाकिटात घालताना 'हा कोर्टात दे' हे तीन शब्द लिहायला लेखणी उचलली होती. लिहिले नाहीत. मनाला सांगितलं, तिला समजेल. पण त्याच्याही खाली, अगदी तळाशी, एक भित्रा माणूस बसला होता. त्याला वाटत होतं, नाही दिला तिनं तर बरंच. तू मला वाचवलंस म्हणतेस. तू त्या माणसाला वाचवलंस, खारूताई. तो वाचवायच्या लायकीचा नव्हता.

त्या दिवशी कोर्टातून थेट वकीलबाईंकडे जायला हवं होतं. तुझं पत्र येईपर्यंत गेलो नाही, कारण कागद त्यांच्याकडेच आहे आणि काहीतरी कायद्याचं कारण असेल असं धरून बसलो. काल गेलो. सगळं तोंडानं सांगितलं, पहिल्यांदा. मग म्हणाल्या, "नवा पुरावा पुढे आला असता तर वर जाता आलं असतं. पण हा नवा नाही. तुमच्या भाचीच्या हातात दोन महिने होता. न्यायाधीशांनी दोनदा विचारलं आणि तिनं नाही म्हटलं, ते निकालपत्रात लिहून आलं आहे. हातात असून दिला नाही म्हटल्यावर वरचं कोर्ट ऐकणार नाही. आणि नव्यानं प्रवेश मागायचा तर मुलगी सहाच्या पुढे गेली."

मोठ्या बाईंकडेही गेलो. ती दहा पावलं. त्यांना सांगितलं, बाई, चूक माझी होती. त्यांनी चष्मा काढला. म्हणाल्या, "जूनमध्ये का नाही सांगितलंत? तिथल्या तिथे निस्तरलं असतं मी." त्यांनी खुर्ची वाढवता येईल का म्हणून वर फोन लावला, माझ्यासमोर. वरून सांगितलं, अपील फेटाळलेल्या प्रकरणात काही करता येणार नाही. मग बाई म्हणाल्या, हे सगळं लेखी द्या. दिलं. माझी चौकशी होईल. होऊ दे.

मामीला सांगितलं. ती माझ्याशी बोलत नाही. माझ्या वाटणीचा चहा करून ठेवते आणि दुसऱ्या खोलीत जाऊन बसते.

आम्ही राहायला येणार नाही. कुठल्या तोंडानं येऊ?

मामा


४ डिसेंबर

मामा,

तुमचं पत्र येऊन दीड महिना झाला. उत्तर लिहायला तीनदा बसले. पहिल्यांदा जे लिहिलं ते तुम्ही वाचलं नाहीत तेच बरं. दुसऱ्यांदा स्वतःलाच शिव्या घातल्या होत्या. वकीलबाईंना एकदा, एकदा तरी विचारायला हवं होतं. नाव न घेता विचारता आलं असतं. आपल्याच मनानं ठरवून मोकळी झाले, की मामाला काय हवंय ते मला कळलं. मोठेपणा करायची हौस. मला किती चांगलं वाटत होतं म्हणून सांगू तो कागद पर्समध्ये जपताना! जिंकण्यापेक्षा मोठं काहीतरी करते आहे असं वाटायचं. मोठेपणा माझा, आणि खुर्ची भिंगरीची गेली.

यांना सांगितलं. मला वाटलं, घर डोक्यावर घेतील. हे फक्त म्हणाले, "म्हणजे तू नीटच बघितलं होतंस." आणि माझ्याकडे पाठ करून बराच वेळ खिडकीशी उभे राहिले. जुलैत मला जे ऐकायचं होतं ते डिसेंबरात ऐकायला मिळालं.

तुम्ही दोघांनी एकमेकांशी अबोला धरू नका. मामीला हे पत्र वाचून दाखवा, तोंडानं. तुमच्यावरचा राग गेला म्हणून सांगणार नाही, खोटं कशाला? येतो, जातो. पण माझ्या मनात तुमच्यावर जेवढा आहे तेवढाच माझ्यावरही आहे. आपण दोघांनी एकमेकांना किती सांभाळलं ना, मामा! त्या चहाच्या वेळी तुम्ही मला सांभाळलंत की नियमाला, कोण जाणे. मी तुम्हाला कोर्टात सांभाळलं. आणि जिला सांभाळायचं होतं ती पोरगी मधल्या मधे राहिली. मी चहा पिताना एवढंच विचारायचं होतं, "मामा, जागा निघाली का हो?" तुम्ही ओरडला असतात, "ऑफिसात विषय काढू नकोस!" आणि तुमच्या ओरडण्यावरून मला कळलं असतं.

भिंगरीचं विचारलं नाहीत. विचारायची हिंमत झाली नसेल. सांगते.

तब्येतीनं छान आहे. उंची वाढली. घरातल्या घरात फिरते अजून, गोल गोल. पण बोलत नाही. साठ-सत्तर शब्द होते, आता रोजच्या वापरातले दहा-बारा राहिलेत. पाणी, आई, नको, असले. बोलायला शिकवणाऱ्या एक बाई इथे शनिवारी येतात, तासभर, आठवड्यातून एकदा. त्या म्हणतात, प्रयत्न चालू ठेवा. चेहऱ्यावरून कळतं की फार आशा धरू नका. 'आबो' म्हणून परवा मीच तिला म्हणायला लावलं. ओठ हलवले तिनं. आवाज काढला नाही.

काल शाळेतून सहामाहीचं प्रगतिपुस्तक आलं. वर्गशिक्षिका मनानं वाईट नाहीत, अठ्ठावन्न मुलांमागे कुणाकडे बघणार त्या? गणित बरं आहे, चित्रकला उत्तम आहे. खाली शेऱ्याच्या रकान्यात त्यांनी सुबक अक्षरात लिहिलं आहे: 'वर्गात अतिशय शांत असते. कधीही आवाज करत नाही. इतर मुलांनी हिचा आदर्श घ्यावा.' आणि शेजारी एक सोनेरी चांदणी चिकटवली आहे.

चांदणी वर्गात तिला एकटीलाच मिळाली. जिन्यावरून धावत आली, पुस्तक माझ्या तोंडासमोर धरलं, चांदणीवर बोट ठेवलं आणि हसत उभी राहिली. मी शाबास म्हणाले, मामा. दुसरं काय म्हणणार होते?

खारूताई